सडका पाय

आल्टाआत्याला आपला भाचा व्हर्डेल डोळ्यांसमोर नको असे. कायोटीच्या, म्हणजे त्या लबाड रानकुत्र्याच्या, गोष्टी हिवाळ्यातच सांगायच्या, उन्हाळ्यात सांगितल्या तर साप चावतो, हे अमेरिकेतल्या नेवाडातल्या त्या शोशोनी आदिवासींच्या वस्तीत शेंबड्या पोरालाही ठाऊक. हा मात्र भर जुलैत मोटेलच्या अंगणात, डोक्याला कोंबडीची रंगवलेली पिसं खोचून, पर्यटकांना त्या ऐकवी.

"चावला नाही गं अजून साप," तो दात काढत म्हणे.

"सापालाही काही चव असते," आत्या म्हणे.

डिसेंबरात आत्याला अर्धांगवायूचा झटका आला आणि तिची वाचाच गेली. गोष्टी येणारं दुसरं कोणी उरलंच नव्हतं, म्हणून आत्याला गोष्टी ऐकवायला तिची सून डोरीन व्हर्डेललाच घेऊन आली. कायोटीने चिलगोजे, म्हणजे पाइनचे दाणे, कसे चोरले, ते तो खाटेशी बसून सांगू लागला.

"मग कायोटीने ते दाणे छानशा पिशवीत लपवले..."

छानशा पिशवीत! दाणे लपवले होते कायोटीने स्वतःच्याच सडक्या, घाण मारणाऱ्या पायात. म्हणून तर मालकांनी तिथे हात घातला नाही. पर्यटकांना किळस येते म्हणून या भामट्याने पायच गाळून टाकला होता. आत्याच्या कपाळावरची शीर तटतटली. वाकडं झालेलं तोंड हललं.

"पाय," ती म्हणाली. "सडका. गाढवा!"

डोरीनला रडू फुटलं. व्हर्डेलने घाबरून गोष्ट पहिल्यापासून धरली, तर आत्याने त्याला लगेच पुन्हा अडवलं. उरलेला हिवाळाभर तो रोज येऊन शिव्या खाऊन जाई. आत्याची जीभ हळूहळू सुटली, पण त्याच्याबद्दलचं तिचं मत तसूभरही बदललं नाही.