हानसाहेबांच्या पाव्यातलं तेल

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोला माहीत आहे, पण तिलाही मी सांगितलेलं नाही — तिनं ते डोळ्यांनी बघितलं. आता तुम्हांला का सांगतोय? कारणबिरण विचारू नका. साठी ओलांडली, आणि ही गोष्ट पोटात ठेवून ठेवून मी दमलो, एवढंच.

मी मूळचा निरवांगीचा. आमचा बाप मेंढरं राखायचा आणि धनगरांच्या गजीच्या नाचात ढोलाबरोबर पावा वाजवायचा. मेंढरं गेली, बाप गेला, पावा माझ्याकडं राहिला. पोटासाठी मी वालचंदनगरला फिटरकी केली, सारा जन्म त्यातच गेला. रिटायर झाल्यावर इंदापुरात घर बांधलं आणि बांबूचे पावे करायला बसलो. बरे होतात. ‘पाव्यातलं काय असंल तर तात्यांना इचारा’ असं आमच्या भागात म्हणतात. हे ऐकायला मला फार गोड लागायचं — आधीच सांगून ठेवतो, कारण पुढचं सगळं तिथंच अडकलंय.

हानसाहेब कोरियाचे. त्यांचे जावई बारामतीच्या एमआयडीसीत इंजिनिअर. कोरोनात साहेबांची फुप्फुसं खराब झाली, तिकडची थंडी सोसेना, म्हणून लेकीकडं येऊन राहिले होते. लेकीचं नाव मिंजी. माझं नाव कुणाकडून तरी तिच्या कानावर गेलं आणि ती त्यांना घेऊन माझ्या दारात आली. बारीक, उंच माणूस, माझ्यापेक्षा आठ-दहा वर्षांनी मोठा. बोलणं सगळं मिंजीच्या मोडक्या हिंदीतून. पण हातात बांबू असला की आमचं तिच्यावाचूनही बरं चालायचं.

त्यांच्या वाद्याला देगुम म्हणतात. आमच्या पाव्यापेक्षा कितीतरी लांब नि जाड. त्याचा बांबू रोगट लागतो — दोन्ही अंगांनी खाच पडलेला, आख्ख्या बनात एखादाच सापडतो. आणि फुंकायचं भोक नि बोटांची भोकं यांच्या मधे एक जादा भोक असतं. त्यावर बोरूच्या पोटातला पापुद्रा सरसानं चिकटवतात. जोर लावून फुंकलं की तो पापुद्रा थरथरतो आणि सुराला असा काही झणकार येतो, की पहिल्यांदा ऐकलं तेव्हा माझ्या अंगावर काटा आला. बाप असता तर त्यानं काठी टेकून डोळे मिटले असते.

साहेबांचा बाप भातशेती करणारा. पोरगं बाराव्या वर्षी दरबारी संगीत शिकवणाऱ्या सरकारी शाळेत गेलं, तर बापानं दोन वर्षं बोलणं टाकलं. शाळेत पहिलं वर्षभर एकच सूर लांबवायला बसवलं. मग तीस वर्षं सरकारी वाद्यवृंदात. लांब अंगरखा घालून ताठ बसायचं आणि इतकं संथ वाजवायचं, की त्यांच्या एका ओळीत आमच्या गजीचा आख्खा फेरा होऊन जाईल. देशोदेशी वाजवलं, शिष्य घडवले. आजारानंतर डॉक्टर म्हणाले, फुंकणं बंद. ऐकलं नाही त्यांनी. रोज सकाळी थोडं थोडं करून दम परत मिळवला.

एकदा नीरेच्या काठाला बोरू बघायला गेलो होतो. तिथं चाकूनं बोरू चिरता चिरता त्यांनी मिंजीकडून मला सांगितलं — ज्या दिवशी देगुम बोलणार नाही, त्या दिवशी तो खाली ठेवायचा आणि पुन्हा उचलायचा नाही, असं त्यांनी ठरवलं होतं. म्हणजे मला हे माहीत होतं. एवढं ध्यानात ठेवा.

आणखी एक. आजारात त्यांचा वास गेला होता. भवानीनगरवरून जाताना कारखान्याच्या मळीच्या वासानं आम्ही नाक दाबून बसायचो, आणि साहेब आपले मजेत खिडकीबाहेर बघत. आम्ही हसायचो. तेही हसायचे.

बारामतीतल्या एका हॉलमधे मी त्यांचा कार्यक्रम ठरवला. आधी निरवांगीची गजी मंडळी, मग साहेब. आजारानंतर ते पहिल्यांदाच लोकांसमोर वाजवणार होते. मी गावभर सांगत सुटलो होतो. कुणाचा कार्यक्रम? साहेबांचाच. पण छाती कुणाची फुगली होती, ते तुम्हांला कळलंच असेल.

त्या दिवशी सकाळी बापलेक माझ्याकडं आले आणि उजनीच्या पाण्यावरचे पक्षी बघायला गेले. चैत्राचं ऊन, गाडीत देगुम तापेल म्हणून माझ्याकडं ठेवला. मिंजी म्हणाली, अंकल, छाँव में रखना, बस. कुछ करना मत.

कुछ करना मत. कळलं होतं मला. न कळण्यासारखं काय होतं त्यात?

पण ते गेल्यावर मी खोळ सोडली. बांबू हाताला कोरडा ठक्क लागला. आमच्याकडं उन्हाळ्यात पाव्याला करडईचं तेल पाजतात, नाहीतर तडकतो. बाप पाजायचा, मी पाजतो. त्यात जन्म गेला फिटरकीत — कोरडं दिसलं की हात आपोआप बुधलीकडं जातो. मनात म्हटलं, संध्याकाळी वाजवताना तडकला तर? बांबू तो बांबू, कोरियाचा काय नि निरवांगीचा काय.

काडीला चिंधी गुंडाळून आतून तेल दिलं. हात राखून नाही, चांगलं सढळ दिलं. शालन, आमची बायको, शेंगा निवडत बसली होती. ती म्हणाली, “आवं, त्येंनी हात लावू नगा म्हणून सांगितलंय न्हवं?” मी म्हटलं, “तुला काय कळतंय त्यातलं?”

तासाभरानं पुसून काढला, आणि उजेडात धरला तर तो पापुद्रा — वडापावचा कागद तेलानं कसा आरपार दिसायला लागतो? तसा झालेला. कडेचा सरस सुटत चाललेला. काय करायला हवं होतं? ते आल्या आल्या सांगायला हवं होतं. मी काय केलं? देगुम खोळीत घातला, दोरी बांधली, आणि चहा टाकायला सांगितला. वासाची भीती नव्हती. साहेबांना वास येत नाही, हे मला त्या वेळी बरोब्बर आठवलं. मिंजी जवळ येईल म्हणून मी देवापुढं उदबत्त्या लावल्या, चांगल्या चार. बघा, डोकं किती चालत होतं.

संध्याकाळी हॉल भरला. गजी झाली, ढोल थांबले, साहेब पांढऱ्या अंगरख्यात येऊन बसले. खालचे सूर बरे लागले. मग वरचा सूर आला, जिथं झणकार यायचा — आणि नुसतीच हवा. फस्स. त्यांनी पुन्हा फुंकलं. पुन्हा तेच. शांतपणे उठले, आत आले, जुना पापुद्रा न बघताच खरवडून टाकला, नवा चिकटवला. परत जाऊन बसले. दहा मिनिटांत तोही ढिला पडला. तेल बांबूतच मुरलेलं, नवा पापुद्रा काय करणार? लोक चुळबुळायला लागले. साहेबांनी देगुम मांडीवर आडवा ठेवला, वाकून नमस्कार केला आणि आत आले.

मिंजीनं मला विचारलं, कुणी हात लावला होता का? मी म्हणालो, नाही. वर आणखी म्हणालो, हितली हवा कोरडी हो, त्यामुळं असेल.

तिनं ते बापाला सांगितलं. त्यांनी मान हलवली आणि हळू काहीतरी बोलले. मिंजी रडायला लागली. ते म्हणतात, तिनं मला सांगितलं, दोन पापुद्रे एकाच वेळी खराब निघत नाहीत. देगुम चांगला आहे. माझा दमच संपला.

तेव्हा एक शब्द पुरला असता. तेल. मराठीत तेल, हिंदीतही तेल, मिंजीला लगेच कळलं असतं. माझ्या ओठांवर आला होता तो शब्द — पण मागं गजीची पोरं उभी होती, गाव उभं होतं, ‘पाव्यातलं तात्यांना इचारा’ म्हणणारे सगळे उभे होते. मी साहेबांच्या पाठीवरून हात फिरवला. धीर दिला मी त्यांना, मी. वय झालं की व्हायचंच, असं म्हणालो. हे माझं वाक्य मिंजीनं त्यांना सांगितलं, आणि ते माझा हात धरून किंचित हसले.

साहेबांनी नंतर वाजवलं नाही. ठरवल्याप्रमाणं खाली ठेवला तो ठेवलाच. महिन्याभरात मायदेशी गेले. दिवाळीला मिंजीचा फोन येतो — बाबा मुळे नि कोबी लावतात, शिष्यांना दुसऱ्याकडं पाठवलं, रेडिओवर देगुम लागला तर उठून बाहेर जातात. मी विचारतो, तब्येत बरी आहे ना? ती म्हणते, तब्येत एकदम चांगली आहे. डॉक्टरांना नवल वाटतं.

गेल्या पावसाळ्यात मिंजी स्वतः घरी आली. तिच्या हातात ती खोळ होती. बाबांनी तुम्हांला दिलाय, म्हणाली. ज्याला बांबू कळतो त्याच्याकडं असावा म्हणाले. बरोबर कागदात गुंडाळलेले तीन पापुद्रे. मी दोन्ही हातांनी घेतला. शालन तिथंच होती. तिनं फक्त पदर सावरला आणि चहा ठेवायला गेली.

कपाटात ठेवला होता. लोक विचारायचे, तात्या, वाजवा की. मी सांगायचो, दम पुरत नाही.

पंधरा दिवसांपूर्वी बाहेर काढला. स्पिरिटात चिंधी बुडवून आतून पुसला, सावलीत वाळवला, पुन्हा पुसला, असं चार दिवस. पहिल्या दिवशी चिंधी पिवळी निघाली, करडईचा वास आला. चौथ्या दिवशी पांढरी. मग सरस कालवून नवा पापुद्रा चिकटवला, सुकू दिला आणि फुंकलं. मला तो वाजवता येत नाही. चुकीचं धरलं होतं, ओठ नीट बसले नव्हते.

वाजला. झणकारासकट वाजला.

शालन दारात येऊन उभी राहिली. ती म्हणाली, “म्हंजी त्येंचा दम हाय अजून.”

मी व्हय म्हणालो. मिंजीचा नंबर फोनमधे आहे, साहेब रोज सकाळी मुळ्यांना पाणी घालतात. हे आठ दिवसांपूर्वीचं. मी फोन केलेला नाही.