न ठेवलेला फोन

चंदनाच्या वासाची एक छोटी गोल चकती त्या काळी फोनच्या रिसीव्हरला, बोलायच्या जागी, चिकटवत असत. आमच्या पूर्णगडच्या घरातल्या फोनलाही ती होती, त्यामुळे १९९९च्या उन्हाळ्यातली ती दुपार मला आजही चंदन आणि अंगणात वाळत घातलेली आमसुलं यांच्या मिश्र वासातूनच आठवते.

फोन आमचा असला तरी वाजायचा बहुधा दुसऱ्यांसाठी. दगडी गडग्यापलीकडच्या वैशालीचे वडील मालवाहू जहाजावर होते आणि घरी फोन नसल्याने त्यांच्याजवळ आमचाच नंबर होता. एरवी महिन्या-दोन महिन्यांनी ते फोन करीत, माझी पत्नी ओटीवरून "वैशालीऽ, फोन गो!" अशी हाक घाली आणि ती पीठ माखलेल्या हातांनी गडगा ओलांडून येई. त्या मे महिन्यात मात्र एकाच आठवड्यात दोनदा, दुपारी तीनच्या सुमारास, कोणीतरी दबक्या आवाजात तिला बोलावलं आणि ती आल्यावर मुकं राहिलं. तिने मानलं, बाबाच असतील, समुद्रात लाईन नीट लागत नसेल.

हिंदी पडद्यावर तेव्हा झपाटलेल्या प्रेमाची साथ होती. नायक पाठलाग करी, नायिकेचं नाव छातीवर कोरून घेई, मुक्या फोनने तिची झोप उडवी आणि शेवटी कड्यावरून कोसळताना टाळ्या घेई. जिच्यापायी हे सारं, तिला काय हवंय हे विचारायचं तेवढं तीन तासांत राहून जाई. तिचा फोन उशाशी असे, एवढी तिची सोय. आमच्याकडच्या वेड्या प्रियकराला आधी माझ्या पत्नीच्या "कोण? भावोजी? जेवलात का?" यातून पार व्हावं लागे.

तिसऱ्या फोनला वैशाली मुकेपणाशीच बोलू लागली.

"बाबा, तुमचा आवाज येत नाही. पिक्चर लावलाय वाटतं जहाजावर! ऐका, मिरजेला नर्सिंगला माझा नंबर लागलाय. सोमवारपर्यंत कळवायचंय. आई म्हणते, बाबा सांगतील तसं. तुम्हाला नको असेल तर फोन ठेवा. नाही ठेवलात, तर मी हो समजेन."

तिने मोठ्याने दहापर्यंत आकडे मोजले. फोन ठेवला गेला नाही. डोळे पुसत तिने रिसीव्हर माझ्या हाती दिला. त्यात पिक्चरमधल्या नायकाचं विकट हास्य चाललं होतं, आणि त्यावर चढलेली एक हाक, "बांगडे घ्या गो, बांगडे!" पाच मिनिटांनी तीच कोळीण आमच्या दारात उभी राहिली. म्हणजे फोन गावातलाच होता, आणि तिच्या वाटेवर भर दुपारी पिक्चर चालू असे ते ठिकाण एकच होतं, वरच्या वळणावरचं महेंद्र नावाच्या पोराचं व्हिडिओ कॅसेटचं दुकान.

मी वैशालीला सांगायला हवं होतं. पण ती पळत आईकडे गेली होती, आणि सत्याचा पुळका असलेला मी, गावच्या शाळेतला मास्तर, एवढंच म्हणालो, "लाईन लांबची आहे."

संध्याकाळी दुकानात गेलो. नायकासारखे केस कपाळावर ओढलेला महेंद्र मला पाहून उभाच राहिला.

"पुन्हा फोन केलास तर तिच्या आईला घेऊन येईन."

"नाय करणार, सर."

"ठेवला असतास तर ती इथेच राहिली असती. का नाही ठेवलास?"

त्याने हातातल्या कॅसेटचं झाकण उघडलं, मिटलं.

"ठेवला असता तर तिचा आवाज बंद झाला असता ना, सर."

वैशाली मिरजेला गेली. वडिलांचा खरा फोन आला तोवर ती तिथे रुळलीही होती. तो न झालेला संवाद त्यांना कोणी सांगितला की ते "असेल" म्हणून हसतात. महेंद्रने फोन हातात धरला तो लोभाने, की त्या दहा आकड्यांमध्ये कुठेतरी, सहाच्या किंवा सातच्या आसपास, त्याचं काही बदललं, हे मी त्याला विचारलं नाही. विचारलं असतं तर त्याने पिक्चरमधलं उत्तर दिलं असतं. सुट्टीला आली की वैशाली अभिमानाने म्हणते, "काका, मला कोणी अडवलं नाही." आणि मी मान हलवतो, कारण हे तर खरंच आहे.