बोरिंगचं पाणी आणि सासऱ्यांची दाढी

माझ्या सासऱ्यांच्या गालाला माझा हात पहिल्यांदा लागला तेव्हा आमच्या लग्नाला नऊ वर्षं झाली होती. त्याआधी स्पर्श एकाच दिशेने व्हायचा. आमच्याकडच्या बऱ्याच घरांत जावई म्हणजे देवाच्या खालोखाल, सासरा त्याच्या पाया पडतो. मी सासुरवाडीला, कन्हानला गेलो की हा पांढऱ्या केसांचा माणूस दारातच वाकायचा आणि मी ‘राहू द्या, राहू द्या’ म्हणत मागे सरायचो. सरायचो, पण फार नाही. खोटं कशाला सांगू, बरं वाटायचं.

मग एका हिवाळ्यात त्यांना लकवा मारला. उजवा हात निकामी झाला, उजव्या बाजूने तोंड किंचित ओघळलं, बोलणं जड झालं. सासूबाई कधीच्याच गेलेल्या आणि माझी बायको त्यांची एकुलती एक. कन्हानच्या घराला कुलूप घातलं आणि दवाखान्यातून त्यांना सरळ नागपुरात बेसाला, आमच्या तिसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये आणलं. ‘थोडं बरं वाटलं का मी आपला वापस जातो,’ ते पहिल्याच दिवशी म्हणाले. मीही मनात म्हटलं, लवकर बरं वाटो. त्या सदिच्छेत त्यांच्या तब्येतीपेक्षा माझी गेलेली खोली जास्त होती.

सासरे कोळशाच्या खाणीत फिटर होते. पाळी संपली की अंगणातल्या नळावर तोंड धुवायचं, खिळ्याला आरसा अडकवायचा आणि दाढी करायची, हा त्यांचा उभ्या आयुष्याचा शिरस्ता. दाढी वाढलेला माणूस त्यांच्या हिशेबी एक तर आजारी नाही तर आळशी. आता उजवा हात मांडीवर पडून असायचा. डाव्या हाताने त्यांनी एकदा करून पाहिली आणि तीन ठिकाणी कापून घेतलं. बायको रेझर घेऊन गेली तर त्यांनी तोंड भिंतीकडे फिरवलं.

‘लेकीनं बापाची दाढी करावं, येवढा मी अजून गेलो नाही.’

माझं नाव तर कुणी काढलंही नाही. जावयाने सासऱ्याची दाढी करायची ही गोष्ट आमच्या घरात कुणाच्या स्वप्नातही आली नसती. शेवटी चौकातला न्हावी दर रविवारी घरी येऊ लागला. रविवारी सासरे टवटवीत दिसायचे. मंगळवारपासून त्यांचा गाल खरखरीत व्हायला लागायचा.

आमची मुलगी तेव्हा चार वर्षांची होती. आबा दिसले की गळ्यात पडायचं आणि गालाला गाल घासायचा, हा तिचा कन्हानपासूनचा खेळ. एका बुधवारी तिने तो खेळला आणि किंचाळून मागे आली. ‘आबा टोचते!’ तिच्या गालावर लाल पट्टा उठला होता. सासरे हसले. पण पोर त्यानंतर लांबूनच बोलायला लागली आणि चार वर्षांच्या पोरीला मुलाहिजा ठाऊक नसतो. ‘तुम्ही काटेवाले झाले,’ असं तिने त्यांना तोंडावर सांगितलं.

उन्हाळा सुरू झाला होता. नागपुरात उन्हात निघताना आम्ही तोंडाला पांढरा दुपट्टा गुंडाळतो. सासरे घराबाहेर पडत नव्हते, तरी एका सकाळी ते कूलरसमोर दुपट्ट्यात तोंड गुंडाळून बसलेले दिसले. फक्त डोळे उघडे.

‘बाबा, घरात दुपट्टा काहून बांधून राहिले?’ बायकोने विचारलं.

‘कूलरची हवा लागते.’

तेवढ्यात पोर खोलीत आली. त्यांनी डाव्या हाताने दुपट्टा गालावर आणखी ओढला आणि तिच्यासमोर मान पुढे केली. आता ये, आता टोचणार नाही, असं. पोरगी त्या गुंडाळलेल्या तोंडाला घाबरली आणि आईच्या मागे लपली. मी हे सगळं दारातून पाहिलं आणि डबा घेऊन कंपनीत निघून गेलो.

दोन दिवसांनी जेवताना ते म्हणाले, ‘मले कन्हानले नेऊन द्या. शेजारची बाई डबा देते म्हणते. लेकीच्या दारात किती दिवस राहावं मानसानं?’

बायको हातातला घास ताटात ठेवून त्यांच्याकडे बघत राहिली. आणि मी म्हणालो, ‘ठीक आहे बाबा, रविवारी नेऊन देतो.’ वाक्य तोंडातून इतक्या लवकर बाहेर पडलं की माझं मलाच ऐकू आलं. एका हाताचा माणूस, जड जिभेचा, एकट्याने कुलूपबंद घरात राहणार होता आणि मी दिवसही ठरवून टाकला होता. बायकोने त्या जेवणापासून माझ्याशी बोलणं टाकलं.

रविवारी दुपारी निघायचं ठरलं. सकाळी नेहमीप्रमाणे न्हावी आला. बायको त्याच्या शेजारी उभी राहिली आणि तिने सरळ विचारलं, ‘भाऊ, यांची दाढी येवढी काहून टोचते? पहिले तं नव्हती टोचत.’

न्हावी म्हातारा आणि बोलका होता. म्हणाला, ‘ताई, तूर कापल्यावर वावरात धसकटं राहतात ना, तसं आहे हे. केस आपल्या मनानं वाढला तं त्याचं टोक बारीक राहते, वाकते. ब्लेडनं कापला का टोक तिरपं, चाकूसारखं. त्यात दाढीचा केस जाड, अन् आखूड असला का वाकत नाही, मंग टोचते. एक तं रोज काढा, नाही तं चांगला वाढू द्या. हे मधलंच वाईट.’

‘दाढी वाढवाले मी काय साधू हाव?’ खुर्चीतून सासरे म्हणाले.

न्हावी हसला आणि मगात ब्रश फिरवू लागला. बराच वेळ फिरवला. फेस म्हणून जे आलं ते दह्याच्या पाण्यासारखं पातळ. त्याने मग उचलून पाहिला आणि माझ्याकडे वळला.

‘भाऊ, पाणी कोणतं वापरून राहिले? बोरिंगचं का?’

बोरिंगचंच. बेसातल्या आमच्या इमारतीत पिण्यासाठी क्षार काढणाऱ्या फिल्टरचं पाणी आणि बाकी सगळ्याला बोरिंग.

‘मंग कसा मऊ पडंन केस? या जड पाण्यात साबणाचा फेस होत नाही, नुसता चोथा होते. थो बसते केसावर, कडक करते. मी पहिले दिवसापासून पाहून राहिलो, म्हटलं मोठे लोक आहे, कोण बोलंन.’

माझ्या कानांच्या पाळ्या गरम झाल्या. कारण मी हिंगण्याला एका कारखान्यात बॉयलरवर आहे आणि पाण्याचा जडपणा तपासणं हेच माझं काम आहे. दर पाळीला मी पाण्याचा नमुना घेतो, त्यात थेंब थेंब औषध टाकतो, लालसर रंग निळा होईपर्यंत थेंब मोजतो आणि वहीत लिहितो. जड पाणी बॉयलरमध्ये गेलं तर नळ्यांत खडूसारखा थर बसतो म्हणून मी पोरांवर ओरडतो. आणि घरी, पाच महिने, एका माणसाच्या तोंडावर तेच पाणी चाललं होतं आणि मी नवीन ब्लेड आणत होतो, महागडा साबण आणत होतो, शेवटी त्या माणसालाच परत पाठवायला निघालो होतो.

‘रोज कंपनीत पाणी तपासता अन् घरचं नाही दिसलं तुम्हाले?’ आठवडाभरातलं बायकोचं माझ्याशी पहिलं वाक्य हे.

‘रोज दाढी करा लागंन,’ न्हावी म्हणाला. ‘पण मले रोज येणं जमत नाही.’

‘मी करतो,’ मी म्हणालो. ‘बाबा, एक आठवडा थांबा. नाही जमलं तर पुढच्या रविवारी नेतो.’ हे मायेतून आलं असं मला लिहिता आलं असतं. पण त्यात माया थोडी आणि मिजास जास्त होती. पाण्याच्या बाबतीत न्हाव्याने मला शिकवावं, हे मला पचलं नव्हतं.

सासरे मात्र हादरले. ‘जावयाच्या हातून सेवा घेतली तं मले नरकातही जागा नाही भेटन.’ सोमवारी सकाळभर ते हटून बसले. माझी त्या महिन्यात दुपारची पाळी होती, त्यामुळे मीही हटून बसलो. शेवटी त्यांनीच तोड काढली.

‘पहिले पाय इकडं करा.’

‘कशाला बाबा?’

‘तुम्ही दाढी करान तेवढ्याचं पाप होते. पहिलेच पाया पडून घेतो. मंग बरोबर.’

मी पाय पुढे केला. खुर्चीतून वाकून त्यांनी डाव्या हाताने माझ्या पायाला हात लावून कपाळाला लावला आणि मग मान मागे टाकली. पुढे रोज हेच. रोज पाय, रोज दाढी.

पहिल्या दिवशी मी त्यांना चार ठिकाणी कापलं. फिल्टरचं पाणी कोमट केलं होतं, फेसही भरघोस आला होता, पण मला घाई. फेस लावला की ओढ रेझर. पोरीच्या गालाला काही लागू नये म्हणून मी उलट्या दिशेने, कातडी ताणून, काचेसारखी गुळगुळीत केली. दुसऱ्या दिवशी त्यांच्या मानेवर पुरळ उठलं आणि खुंट आणखी टोकदार वर आले. खाली जाऊन मी न्हाव्याला विचारलं. त्याने कपाळाला हात लावला. ‘भाऊ, थांबाले शिका. पहिले ओला टॉवेल. तीन-चार मिनिटं.’

तेव्हापासून कोमट पाण्यात टॉवेल बुडवायचा, पिळायचा, त्यांच्या गालांवर ठेवायचा आणि नुसतं थांबायचं. केस पाणी पितो, मऊ पडतो. बॉयलरवर मी कधी कशासाठी नुसता थांबलो नाही, तिथे काटा हलला की हात हलतो. इथे टॉवेलवर दोन्ही तळवे ठेवून उभं राहायचं आणि हाताखाली एका म्हाताऱ्या माणसाचा जबडा हळूहळू सैल पडताना जाणवायचा. मग केस कुठल्या दिशेने वाढतात ते बोटाने चाचपायचं. गालावर खाली, हनुवटीखाली आडवे, आणि डाव्या कानाखाली एक भोवरा. तो भोवरा त्यांच्या लेकीच्याही मानेवर आहे, हे मला नऊ वर्षांत दिसलं नव्हतं. केसांच्या दिशेनेच रेझर ओढायचा, दाबायचा नाही. उजवा गाल ओघळलेला, त्याला खालून हाताचा आधार द्यायचा. शेवटी त्याच पाण्याने धुवायचं आणि खोबरेल तेलाचे दोन थेंब तळहातावर चोळून लावायचे.

बाबा त्या वेळात बोलायचे. जड जिभेने, तुटक. खाणीतल्या पंपांविषयी, सासूबाईंच्या रागाविषयी. एकदा म्हणाले, ‘पंपाच्या पाण्यानंही नळ्या भरते ना जी, आम्ही ठोकून काढत होतो.’ मी बॉयलरच्या नळ्यांचं सांगितलं. जावई म्हणून नऊ वर्षांत आम्ही हवापाण्यापलीकडे बोललो नव्हतो आणि आता साचलेल्या थराविषयी अर्धा तास बोलत होतो. कामावर जायची वेळ झाली की मला उठावंसं वाटेना.

पुढचा रविवार आला आणि गेला. कन्हानचा विषय कुणी काढला नाही, पण तो मिटलाही नव्हता. त्यांची पिशवी भरलेली तशीच पलंगाखाली होती. पोर आधी बोटाने त्यांचा गाल तपासायची, मग हाताने. एका सकाळी ती त्यांच्या खांद्यावर डोकं टाकून कार्टून बघत बसली होती, गालाला गाल लागलेला, आणि कार्टून संपेपर्यंत ते हलले नाहीत. त्या दिवशी दुपट्टा त्यांनी बायकोकडे धुवायला दिला.

त्यानंतर आठवडाभराने असेल. अर्धी दाढी झाली होती, रेझर हनुवटीखाली होता. डोळे मिटून ते म्हणाले, ‘जावईबापू, कन्हानच्या घराले किरायेदार पाहा.’

मी हात थांबवला.

‘त्या दिवशी तुम्ही रविवारी नेतो म्हटलं,’ ते एकेक शब्द गोळा करत म्हणाले, ‘लय लवकर म्हटलं. तुम्हाले मी नको होतो. मले मालूम होतं.’

एखादं गोड खोटं मी शोधलं. सापडलं नाही. ज्या माणसाचा गळा माझ्या हाताखाली उघडा होता, त्याच्याशी खोटं बोलवेना.

‘हो बाबा,’ मी म्हणालो. ‘तेव्हा नको होता.’

‘आता तुम्ही घाई नाही करत,’ ते म्हणाले.

मी रेझर मगात ठेवला, कारण मला समोरचं दिसत नव्हतं. पाहतो किरायेदार, एवढं कसंबसं म्हणालो. त्यांनी एक डोळा उघडून माझ्याकडे पाहिलं.

‘मंग रडता काहून? आटपा. फेस वाळून राहिला.’