अय्यूबभाईंचा गोंद

पनवेलच्या मोहल्ल्यात अय्यूबभाईंच्या दारातून कुणी पाणी न पिता गेलं, असं कधी ऐकिवात नव्हतं. वीजबिलवाला असो, पत्ता चुकलेला असो, पडवीत माठ भरलेला आणि शेजारी पेले उपडे घातलेले. माणूस भला, पण इतकंही भलं असू नये.

उमेदीची वर्षं कुवेतमध्ये एसी दुरुस्त करण्यात घालवून त्यांनी ते दुमजली घर बांधलं होतं. बायकोचा, म्हणजे शमाचा, भाऊ शाहीद द्रोणागिरीत कंटेनर वाहायला ट्रेलर घेणार म्हणाला, तेव्हा घर बँकेकडे तारण ठेवून ते त्याला जामीन राहिले. मेहुण्याला नाही म्हणायची त्यांची प्राज्ञा नव्हती. मग मंदी आली, ट्रेलर जागेवर गंजले, हप्ते थकले आणि शाहीदने फोन उचलणं सोडलं.

बँकेची पहिली नोटीस पोस्टाने आली, तिची मुदत उलटून गेली. मग एका भर दुपारी बँकेचे अवधूत साने ताब्याची नोटीस दारावर चिकटवायला आले. त्यांच्या बाटलीतला गोंद वाळून खडा झालेला. घामाघूम होऊन ते कागद तळहाताने दाबत होते. अय्यूबभाईंना बघवेना. त्यांनी आधी सरबत दिलं, मग घरातली गोंदाची बाटली आणून कागदाचा कोपरा धरून उभे राहिले.

"या अल्लाह! आपल्याच घराच्या जप्तीला हातभार लावताय?" शमाने कपाळावर हात मारला.

"नोकरमाणूस आहे गं तो. उन्हातून आलाय."

त्या नोटिशीविरुद्ध पंचेचाळीस दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणात अर्ज करता येतो, हे त्यांना कुणी सांगितलं नाही. सांगितलं असतं तरी ते गेले नसते. घरचं भांडण कोर्टात न्यायचं नाही, जमातीपुढे मिटवायचं, हा मोहल्ल्याचा रिवाज. रमजान ईद झाल्यावर जमात बसली. शाहीद आला, "इन्शाअल्लाह, महिन्याभरात सगळं भरतो," म्हणाला, बुजुर्गांनी त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि सगळे जेवून उठले. त्यानंतर शाहीद कुणाला दिसला नाही.

दुसरा मार्ग उरला नाही, तेव्हा अय्यूबभाईंनी वकील गाठला. त्या प्रभाकर गोगट्यांनी हायकोर्टात याचिका टाकली. तारखांवर तारखा झाल्या. अखेर न्यायमूर्तींनी दोन वाक्यांत सांगितलं, कायद्याने न्यायाधिकरणाची वाट दिली आहे, तिकडे जा. तिकडे जायचं तर उशिराची माफी मागायला हवी. हायकोर्टात गेलेला काळ कारण म्हणून दाखवता आला असता, पण त्याआधी जमातीची वाट बघण्यात गेलेल्या दिवसांचं काय? गोगट्यांनी प्रतिज्ञापत्रात लिहिलं की नोटीस लावल्याचं अर्जदाराला कळलंच नाही.

"हे खोटं आहे, वकीलसाहेब."

"घर हवंय ना? मग असंच लिहावं लागतं."

अय्यूबभाई कोर्टाचे जिने चढून-उतरून इतके थकले होते की त्यांनी सही केली. त्या दिवशी त्यांना घास गेला नाही.

न्यायाधिकरणात बँकेच्या वकिलाने सान्यांनी त्या दुपारी काढलेला एक फोटो पुढे केला. दारावर नोटीस, शेजारी हातात गोंदाची बाटली घेतलेले अय्यूबभाई. फोटो काढतायत म्हणून हसलेले.

"हे आपणच का?" वकिलाने विचारलं.

"जी, मीच," अय्यूबभाई म्हणाले. खरं बोलून त्यांना हलकं वाटलं आणि अर्ज फेटाळला गेला. वर अपिलाची सोय होती, पण त्यासाठी आधी निम्मी थकबाकी भरायची. तेवढे पैसे असते तर इथे कशाला आलो असतो, असं त्यांच्या मनात आलं.

ताबा घ्यायला साने पोलिसांसोबत आले. या वेळी ताज्या गोंदाची बाटली त्यांनी स्वतःच आणली होती. शमाची बोचकी रिक्षात चढली. अय्यूबभाईंनी पडवीच्या जाळीलाही आपल्याच हातांनी कुलूप लावलं, किल्ली दिली. सान्यांनी सील चिकटवलं आणि रुमालाने मान पुसली.

"अय्यूबभाई, जरा पाणी मिळेल?"

अय्यूबभाई सवयीने वळले. हात जाळीपर्यंत गेला आणि सीलपाशी थांबला.

"माफ करा, साहेब," ते म्हणाले, "माठ आत राहिला."

आणि इतक्या वर्षांत जे डोळे कुणासमोर भरले नव्हते, ते परक्या माणसाला पाणी देता आलं नाही म्हणून भरून आले.