अमेरिका पश्चिमेला निघते तेव्हा

फ्रेंच राज्यक्रांती मी दोन लेक्चरमध्ये उरकते. राजाचं डोकं उडतं, पोरं वहीत लिहून घेतात आणि चहाला जातात. पण अमेरिकेतले गोरे लोक गाड्या जुंपून पश्चिमेला निघाले, की माझ्या क्लासमध्ये दरवर्षी काहीतरी होतंच! बरं, हे सगळं घरी सांगितलं की नवरा म्हणतो, "लिहून ठेव की." अरे, लिहायला डोकं शांत लागतं!

तर मी करोल बागेजवळ एका तिसऱ्या मजल्यावर सिव्हिल सर्व्हिसेसची तयारी करणाऱ्या मराठी पोरापोरींना जगाचा इतिहास शिकवते. राहायला आर. के. पुरम, नवऱ्याच्या सरकारी क्वार्टरमध्ये. निम्मी शक्ती मेट्रोत जाते. उरलेली या धड्यात.

* * *

इंडियन या शब्दापासून सुरुवात होते. मी घसा फोडून सांगते, की ते अमेरिकेचे मूळ रहिवासी. कोलंबस चुकला, त्याला वाटलं आपण हिंदुस्थानात पोचलो. सगळे माना डोलावतात. मग टेस्ट होते.

एका उत्तरपत्रिकेत वाक्य होतं, "अमेरिकन सरकारने इंडियन लोकांना जमिनीवरून हुसकावून लावले. त्यामुळे भारत-अमेरिका संबंधांत कटुता आली."

मी लाल रेघ मारली. पोरगा भांडायला आला.

"मॅडम, मार्क का कापले?"

"अरे, ते भारतीय नव्हतेच!"

"मग त्यांना इंडियन का म्हणायचे?"

"चुकून!"

"आणि चूक कळल्यावर?"

"तरीही तेच म्हणत राहिले."

"बघा, त्यांची शेकडो वर्षं खपली," तो म्हणाला. "माझी एका पेपरात खपत नाही!"

* * *

मग येतो जमिनीचा कायदा. शिकवायला किती सोपा! एकशे साठ एकर घ्या, पाच वर्षं तिथे राहा, जमीन कसा, की ती तुमची. दहा मिनिटांचं काम.

पण वर्गात वैभव असतो. वैभव बार्शीकडचा, वडील तलाठी. त्याचा हात वर.

"मॅडम, मोजणी कुणी केली?"

"सरकारी सर्व्हेअरनी."

"सातबारा?"

"वैभव, तिकडे सातबारा नसतो. पट्टा मिळायचा."

"आणि बांध?"

"मोकळी जमीन होती रे. तारेची कुंपणं नंतर आली."

वैभव वर्गाकडे वळून हसला. "एकशे साठ एकर, बांध नाही, आणि भांडण नाही! मॅडम, हे पुस्तक कुणीतरी मॅनेज केलंय."

झालं! कुणाच्या चुलत्यानं किती फूट बांध कोरला, कुणाची केस कुठल्या कोर्टात आहे, सगळा वर्ग सुटला. धाराशिव एकीकडे, लातूर दुसरीकडे. मी डस्टर आपटतेय, कोण ऐकतंय! शेवटी उदगीरची तबस्सुम उठली. ती पहिल्या बाकावर बसते आणि अभ्यासाशिवाय तोंड उघडत नाही.

"मॅडम, बायकांना मिळायची का जमीन?"

मला हायसं वाटलं. "चांगला प्रश्न. एकट्या बाईला मिळायची, विधवेला मिळायची. नवरा असलेलीला सहसा नाही."

तबस्सुमनं वहीचं पान उलटलं. "मग यांचं भांडण यांना करू द्या मॅडम. पुढचा पॉइंट सांगा."

* * *

घरी तरी सुटका असावी ना? माझी लेक ईरा दिल्लीतच वाढली. एकदा नोट्स काढताना मी अडले. त्या लोकांच्या कापडी छताच्या गाड्यांना मराठीत काय म्हणावं? विचार करून करून सुचलं, दमणी! आमच्या आजोळी होती, वर छत असलेली बैलगाडी. मी खूश होऊन ईराला वाचून दाखवलं, "हजारो कुटुंबं दमणीत बसून निघाली."

ती म्हणाली, "अच्छा, पहले दमन गए? समुद्रमार्गे?"

मी नवऱ्याकडे बघितलं. त्यानं पेपर वर केला, पार कपाळापर्यंत.

नोट्समध्ये आता 'वॅगन' आहे.

* * *

सोन्याची झुंबड हा माझा आवडता भाग. कॅलिफोर्नियात सोनं सापडल्याची बातमी पसरली, तरणी पोरं घरदार सोडून धावली. मी अगदी रंगून सांगते. "बहुतेकांच्या हाताला काही लागलं नाही. पैसा कुणी केला? ज्यांनी त्यांना कुदळ-फावडी विकली, खोल्या भाड्यानं दिल्या, जेवण विकलं, त्यांनी!"

वर्गात एकदम शांतता. मला वाटलं, वा! आज पोचलं.

मागून आवाज आला, "मॅडम, या महिन्याची फी उद्या दिली तर चालेल का?"

पाच मिनिटं हसत होते नालायक!

* * *

वैभव बहिणीच्या लग्नाला महिनाभर गावी गेला. परत आला तर त्याच्या कॉटवर रूममेट कुणालचा मावसभाऊ. तो म्हणे, "जागा रिकामीच होती." तिघांनी मिळून फोन कुणाला लावावा? मला! मी सरोजिनी नगरच्या बाजारात, गर्दीत, एका हातात ईराचं जॅकेट, दुसऱ्या हातात फोन.

"मॅडम, तुम्ही निवाडा करा."

मी तिथूनच ओरडून निवाडा केला. कॉट मावसभावाची, बाल्कनी वैभवची. कायमची! तिला कुणी हात लावायचा नाही. दुकानदारसुद्धा म्हणाला, "बिल्कुल ठीक, मॅडमजी."

उन्हाळ्यात पोरांनी कूलर आणला. ठेवायचा कुठे? बाल्कनीत!

पुन्हा फोन. "मॅडम, करार मोडला."

"कसला करार रे? मी स्वयंपाक करतेय. नंतर बोलू."

"मूळ रहिवाशांशी केलेले करार कसे मोडले, ते शिकवताना तुमचा आवाज भरून आला होता," वैभव म्हणाला. "तेव्हाचे प्रेसिडेंटपण असंच म्हणत असतील, स्वयंपाक करतोय, नंतर बोलू!"

* * *

आमच्याकडे रविवारी मॉक इंटरव्ह्यू असतात. त्यासाठी सबनीस सर येतात. निवृत्त अधिकारी, माणूस चांगला, पण प्रत्येक मुलाला एकच उपदेश, "पॉझिटिव्ह अ‍ॅप्रोच ठेवा!" मला पाठ झालाय.

त्या रविवारी समोर सुकलाल पाडवी होता. नंदुरबारकडचा, वर्गात कधी न बोलणारा. सरांनी विचारलं, "मूळ गाव कुठलं?"

"सर, पाण्याखालचं सांगू की आत्ताचं?"

"म्हणजे?"

"धरणात गेलं सर. मी सहा-सात वर्षांचा होतो."

सर जरा चुळबुळले. विषय बदलावा म्हणून त्यांनी माझ्या नोट्स चाळल्या आणि नेमकं तेच पान उघडलं. अमेरिकन सरकारनं मूळ रहिवाशांच्या टोळ्यांना घरादारातून उठवलं आणि थंडीवाऱ्यात शेकडो मैल पश्चिमेकडे चालवत नेलं, वाटेत हजारो मेले, ते पान.

मी म्हटलं, "सर, दुसरं काहीतरी विचारा ना."

पण सरांना त्यात प्रश्न दिसला होता. "हं, सुकलाल. तेव्हाचं विस्थापन आणि आजच्या काळातलं पुनर्वसन. काही फरक? की सगळंच वाईट? बॅलन्स्ड उत्तर पाहिजे."

सुकलालनं पुष्कळ विचार केला. हात मांडीवर, पाठ ताठ, अगदी आम्ही शिकवलं तसा.

"फरक आहे सर. त्यांना चालवत नेलं. आम्हाला ट्रक होता."

"गुड!" सरांनी टेबलावर थाप मारली. "व्हेरी गुड! बघा मॅडम, याला म्हणतात पॉझिटिव्ह अ‍ॅप्रोच. पुढे बोल."

"शेळ्या दुसऱ्या फेरीत आणतो म्हणाले होते, सर."