इपिल उलटा घालून

एल्मी तुयुबला गप्प करायचं तर तिला झोपवावं लागतं, असं तिची सासू म्हणायची. त्यावर तिचा नवरा म्हणायचा, "झोपेत तरी कुठं गप्प असते?" अशी ही बाई कितीतरी वर्षं समुद्रकाठच्या एका हॉटेलात तोंड मिटून चादरी बदलत होती, यावर गावात कुणाचा विश्वास बसत नसे. आणि ते खरंही नव्हतं. पाहुण्यांनी नुसतं विचारायचा अवकाश, "इथे जवळपास जुने माया अवशेष कुठं आहेत हो?" की एल्मी उशीचा अभ्रा खांद्यावर टाकून सुरू व्हायची. कुठली पायरी कुठल्या दिशेला तोंड करून आहे, कुठल्या दगडावर कुणाचं नाक तुटलंय, सगळं हातवारे करून. शेवटी मुकादमीण दारात येऊन उभी राहायची. "तुला खोल्या झाडायला ठेवलंय की प्रवचनाला?"

एक दिवस एल्मीने केरसुणी कोपऱ्यात ठेवली आणि गावाकडची बस धरली. मग शहरात जाऊन वाटाड्याची परीक्षा दिली. पहिल्यांदा नापास झाली. वाचून वाचून डोळे सुजवले आणि दुसऱ्यांदा पास झाली. परवान्याचा बिल्ला गळ्यात घालून ती जी गावभर हिंडली, ती थेट आंघोळीलाही बिल्ला काढेना, असं लोक सांगतात. लोक काय, काहीही सांगतात. पण हे मला खरं वाटतं.

आमच्या श्तोहिल गावच्या सामाईक रानात एक मोठं उंचवट्याचं देऊळ आहे. नावाजलेलं नाही. तिथं ना तिकीटघर, ना टोप्या विकणारे. पायऱ्या आहेत, डोक्यावर झाडं आहेत, आणि एका कोपऱ्यात पर्जन्यदेवाचा दगडी मुखवटा, हत्तीसारखं लांब नाक असलेला. लहानपणी एल्मी बापाबरोबर रानात जायची तेव्हा दुपारी याच नाकाच्या सावलीत झोपायची. आता तिच्या डोक्यात एकच होतं. थोडेच पाहुणे आणायचे, त्यांना चालत न्यायचं, देऊळ दाखवायचं, दुपारी गावात आणून जमिनीत भाजलेली कोंबडी खाऊ घालायची, आणि संध्याकाळी हसत परत पाठवायचं.

तिच्या दिराच्या, रुफिनोच्या, डोक्यात वेगळंच होतं. किनाऱ्यावरच्या एका कंपनीशी त्याचं गूळपीठ जमलं होतं. रान फाडून रस्ता करायचा, मोठ्या बसगाड्या आणायच्या, आणि रुफिनोने फाटकावर खुर्ची टाकून बसायचं. गावाच्या सभेत दोघांचं खडाजंगी भांडण झालं.

"वहिनी, बाईमाणूस रानात पाहुणे नेणार," रुफिनो सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "आणि संध्याकाळी आम्ही बत्त्या घेऊन तुम्हाला शोधत फिरणार."

"भाऊजी, तुम्ही शोधायला आलात तर आधी तुम्हालाच शोधावं लागेल," एल्मी म्हणाली.

सभा हसली, पण निकाल लागला नाही. तेव्हा रानाचे कारभारी डॉन नासारियो, म्हणजे नासारियोराव, मधमाश्या पाळणारे, कमी बोलणारे म्हातारे, त्यांनी तोडगा काढला. एल्मीने पहिली सहल काढावी. ते स्वतः रुफिनोला घेऊन दुसऱ्या बाजूने देवळापाशी जाऊन बसतील. पाहुणे नीट पोचले, तर वाट एल्मीची. नाही पोचले, तर कंपनीला हो म्हणायचं.

त्या दिवशी पहाटेपासून एल्मीच्या पायाला भिंगरी लागली होती. तिने ठेवणीतला इपिल घातला. पांढराशुभ्र झगा, गळ्याला आणि घेराला लाल-जांभळ्या फुलांचं भरतकाम, तिच्या हातचं. पाहुणे आले आणि तिचा आनंद गगनात मावेना. मेक्सिको सिटीच्या निवृत्त मास्तरीणबाई दोन्या ऑरोरा होत्या, सारख्या खिदळणाऱ्या दोन चिली देशातल्या बहिणी होत्या, आणि योस्ट नावाचा एक डच गृहस्थ बायकोसह आला होता, इतका उंच की आमच्या दारातून येताना त्याला नमस्कार केल्यासारखं वाकावं लागलं.

"चला, चला, चला!" एल्मी टाळ्या वाजवत म्हणाली, आणि वरात निघाली.

खरं तर रानाच्या तोंडाशी थांबायचं असतं. वाडग्यात साका, म्हणजे मक्याचं पांढरं पेय, फांदीवर ठेवायचं आणि रानाच्या मालकांना सांगायचं, आम्ही येतोय. मालक म्हणजे आलूश, गुडघ्याएवढे. मोठ्या मनाचे, पण मानपान पाहणारे. आमच्याकडे लाकूड तोडायला जाणारा माणूससुद्धा हे चुकवत नाही. एल्मीने साका रात्रीच करून ठेवला होता. तो घरी चुलीशेजारी झाकलेलाच राहिला. आनंदात माणूस स्वतःचं डोकंही विसरेल, ही तर वाडगं विसरली.

वाट सुंदर होती. एल्मी पुढे चालत होती, पण तोंड मागे करून. "हे चेचेमचं झाड, याला हात लावू नका, कातडी भाजून निघेल! आणि हे बघा चाका, त्याच्यावरचा उतारा, बहुतेक शेजारीच उगवतो!" बहिणी ओरडल्या, योस्टने हात खिशात घातले. पुढे एक जुनं झाड वाटेवर आडवं पडलं होतं. बोलत बोलतच एल्मी त्याला वळसा घालून गेली. मग एक दगडी कुंपण आलं. मग वारुळाचं झाड आलं. मग पुन्हा दगडी कुंपण, आणि पुन्हा तेच वारुळाचं झाड.

एल्मी गप्प झाली. ती गप्प झालेली आजवर कुणी पाहिली नव्हती.

"काय झालं गं?" दोन्या ऑरोरांनी विचारलं.

तिच्या तोंडचं पाणी पळालं होतं. इथे ती डोळे मिटून चालली असती. आणि तेवढ्यात तिला चुलीशेजारचं वाडगं आठवलं. तिने कपाळावर हात मारला तो इतक्या जोरात की वरचा पक्षी उडाला.

"वाट लपवलीय त्यांनी," ती म्हणाली. "माझी चूक. मी न विचारता घुसले."

मग तिने सगळं सांगितलं. मालक कोण, वाडगं कुठं राहिलं, देवळापाशी कोण वाट बघत बसलंय आणि कशासाठी. लपवायची तिला सवयच नव्हती. चिलीच्या बहिणींचे डोळे बशीएवढे झाले.

"मग आता उपाय?" योस्टने विचारलं.

"अंगावरचे कपडे उलटे घालायचे. आतली बाजू बाहेर. म्हणजे कबूल केलं, चुकलो. मग ते वाट सोडतात."

एल्मीला वाटलं, आता हे लोक हसतील, नाहीतर पैसे परत मागतील. पण योस्टने आधीच शर्ट डोक्यावरून ओढला होता आणि तो काट्यात अडकून धडपडत होता. दोन्या ऑरोरा झाडाआड जाताना म्हणाल्या, "चाळीस वर्षं मुलांना सांगितलं, शर्ट उलटा घालून शाळेत येऊ नका. आता बघा माझी दशा!" बहिणी तर हसून हसून लोळायच्या बाकी होत्या. एल्मीने झुडपाआड जाऊन इपिल उलटा केला. फुलं आत गेली, दोरे आणि गाठी बाहेर आल्या.

ती बाहेर आली आणि पहिल्यांदा नीट पुढे बघून चालू लागली. तोंड मागे नाही, बडबड नाही. वारुळाच्या झाडामागे, वेलींच्या पडद्याखाली, पायाने गुळगुळीत झालेला एक दगड दिसला. मग दुसरा.

"सापडली!" एल्मी किंचाळली. "अहो सापडली, सापडली!" सगळेच ओरडले. योस्टच्या बायकोने एल्मीला उचललं, म्हणजे खरोखरच जमिनीवरून उचललं.

झाडं विरळ झाली, उजेड आला, आणि पायऱ्या दिसायला लागल्या. पायथ्याशी दोघं बसलेले होते. एल्मीचे पाय थबकले. आता पंचाईत. आमच्या गावात उलटे कपडे घालून रानातून बाहेर येणारा माणूस म्हणजे वाट चुकलेला माणूस, हे शेंबडं पोरही सांगेल. झाडाआड उभं राहून इपिल सुलटा केला असता तर कुणाला कळलं नसतं. पाहुण्यांना एक शब्द सांगितला असता, तर त्यांनीही शर्ट सुलटे केले असते. दोन्या ऑरोरांनी तर डोळ्यांनी विचारलंच, करू का?

एल्मीचा हात घेराकडे गेला. पण तिचा बाप म्हणायचा, उलटा कपडा म्हणजे कबुली. मालकांचं देणं दिल्याशिवाय तो सुलटा करायचा नाही. परत दुपारी याच वाटेने या लोकांना न्यायचं होतं. हे लोक तिच्या भरवशावर आले होते. तिचे डोळे भरले होते, आणि तशीच ती, दोरे-गाठी मिरवत, उजेडात आली. मागून सगळी उलटी वरात आली.

रुफिनो आधी बघतच राहिला. मग मांडीवर थाप मारून असा हसला की पायरीवरून घसरला. "डॉन नासारियो, बघा! बघा वाटाडी! सगळ्यांना उलटं करून आणलंय! मी काय म्हणत होतो? चुकली! संपलं! बोलावतो कंपनीला."

"चुकले," एल्मी म्हणाली. "साका घरी विसरले. पण डॉन नासारियो, आधी मला देणं देऊ द्या. मग काय बोलायचं ते बोला."

म्हाताऱ्याने आपलं वाडगं पुढे केलं. त्यात सकाळी रानाला ठेवून उरलेला थोडा साका होता. एल्मीने तो मुखवट्याच्या नाकाखाली ठेवला, पुटपुटत क्षमा मागितली, आणि मग सगळ्यांनी कपडे सुलटे केले. डॉन नासारियो तोवर तिच्याकडे नाही, रुफिनोकडे बघत होते.

"गेल्या उन्हाळ्यात तू त्या कंपनीच्या साहेबांना इथं आणलं होतंस ना?" त्यांनी विचारलं.

"आणलं होतं की. निवांत दाखवलं सगळं."

"तुम्ही दिवस बुडताना माझ्या मधाच्या पेट्यांपाशी निघालात. देवळापासून किती लांब ते तुला ठाऊक आहे. साहेब रडकुंडीला आले होते, एकाला माझ्या माश्यांनी फोडून काढलं. मी झाडाआडून बघत होतो. सगळ्यांच्या अंगभर काटे होते रे, पण तुझा शर्ट सुलटा. गळ्याचं बटणसुद्धा सुटलं नव्हतं."

रुफिनोचं हसू तोंडातल्या तोंडात विरलं. "साहेबांसमोर कसा उलटा घालणार?" तो हळूच म्हणाला.

"हिने घातला," डॉन नासारियो म्हणाले. त्यांनी वाडगं उचलून झटकलं, कमरेला अडकवलं आणि पाहुण्यांच्या रांगेत शेवटी जाऊन उभे राहिले. "बरं एल्मी, आता सांग काय सांगायचंय ते. मी इतकी वर्षं येतोय, पण मला कुणी कधी नीट दाखवलं नाही."

गळ्यातला बिल्ला एल्मीने दोन्ही हातांनी घट्ट धरला, रडली, हसली, नाक पुसलं. मग अशी काही सुटली की पहिल्या पायरीपाशीच तिने अर्धी दुपार घालवली, आणि कोंबडी जमिनीत करपून गेली तरी कुणी निघायचं नाव घेईना.