जुनं व्हीपीएन बंद झालं तो सोमवार

बीसीएच्या शेवटच्या वर्षाला मी धाराशिवमधल्या एका दूध कंपनीत प्रशिक्षणाला होते. घरात कॉलेजला गेलेली मी पहिलीच. काही विचारायचं झालं की आधी दोनदा मनात म्हणून बघायची.

गावोगावच्या संकलन केंद्रांतले कॉम्प्युटर ज्या व्हीपीएनवरून कार्यालयाशी जोडले जातात, ते जुनं झालं होतं. त्यातली सुरक्षेची फट बाहेर सगळ्यांना माहीत झालेली. तिथून कुणी शिरला तर थेट कार्यालयात पोचला असता. कार्यालयातल्या साहेबांनी नवं बसवायचं काम मला दिलं. मी फोनवरून सांगत एकेका केंद्रात ते बसवलं. दोन दिवसांनी बघते, तर निम्म्या ठिकाणी पुन्हा जुनंच.

"सोमवारी जुनं बंद करतोय," साहेब म्हणाले. "केंद्रं जोडली गेली नाहीत तर दुधाची नोंद थांबेल. जमेल ना?"

"जमेल सर," मी म्हणाले आणि जुन्यावर परतलेल्या केंद्रांची यादी काढली.

शनिवारी त्यातल्याच ईट गावाची एसटी धरली. तिथले केंद्रचालक काका माझ्या वडिलांच्या वयाचे.

"या मॅडम! तुमचं नवं लई गुणाचं हाय, आतच घेत न्हाय. म्या जुनंच टाकलं परत. केंद्रवाल्यांच्या ग्रुपवरबी पाठवलं समद्यांला."

नव्यात शिरायला मोबाईलच्या ॲपमधला, दर अर्ध्या मिनिटाला बदलणारा आकडा लागायचा. मी पुन्हा नवं बसवलं. काकांनी आकडा टाकला. चुकीचा. परत टाकला. परत चुकीचा.

"बघा, आमचा आकडाबी आमच्यावानीच नापास!" काका हसले. मला रडू यायचं बाकी होतं. तेवढ्यात त्यांच्या मोबाईलवरची वेळ दिसली.

"काका, घड्याळ दहा मिनिटं पुढं कसं?"

"टँकर चुकू नये म्हणून. लई केंद्रवाले तसंच ठेवत्यात."

तो आकडा मोबाईलच्या वेळेवरूनच तयार होतो; वेळ चुकली की आकडाही चुकणार! मी घड्याळ बरोबर लावलं आणि पहिल्याच झटक्यात जोडणी झाली.

"आन् टँकर?"

"दहा मिनिटं आधीचा गजर लावून देते."

काकांनी लगेच ग्रुपवर बोलून पाठवलं, "घड्याळं नीट करा रं, नवं चालतंय. जुनं पुसून टाका."

सोमवारी सकाळी साहेबांनी जुनं बंद केलं. पडद्यावर एकेक केंद्र येऊ लागलं. येरमाळा आलं, ईट आलं. शेवटचं केंद्र आलं तेव्हा मी खुर्ची सोडून उभीच राहिले होते. एकही सुटलं नाही.